बिली मार्टिन यांची कारकीर्द आणि अमेरिकन विद्यापीठीय टेनिस

क्रीडेचा इतिहास बहुधा विजेत्यांच्या यादीवरून लिहिला जातो. त्यामुळे कुमारवयात मोठी आशा निर्माण करून पुढे ग्रँड स्लॅम न जिंकलेल्या खेळाडूची नोंद 'अपेक्षाभंग' या एकाच शब्दात आटोपली जाते. अमेरिकन टेनिसपटू बिली मार्टिन यांच्या वाट्याला हेच आले. व्यावसायिक खेळाडू म्हणून त्यांची कामगिरी मर्यादित होती, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु तेवढ्यावरून त्यांचे मूल्यमापन करणे इतिहासदृष्ट्या अपुरे आहे, अशी प्रस्तुत लेखकाची भूमिका आहे.

इलिनॉय राज्यातील इव्हान्स्टन येथे १९५६ साली जन्मलेल्या मार्टिन यांनी १९७३ आणि १९७४ अशी सलग दोन वर्षे विम्बल्डन व अमेरिकन खुल्या स्पर्धेतील कुमार एकेरी जिंकली. १९७४ च्या विम्बल्डन कुमार अंतिम सामन्यात त्यांच्यासमोर मद्रासचे अशोक अमृतराज होते. हेच पुढे हॉलिवूडमध्ये चित्रपटनिर्माते झाले. १९७५ साली लॉस एंजेलिस येथील कॅलिफोर्निया विद्यापीठात (यूसीएलए) प्रथम वर्षात असतानाच मार्टिन राष्ट्रीय महाविद्यालयीन (एनसीएए) एकेरीचे विजेते ठरले. त्याच वर्षी प्रशिक्षक ग्लेन बॅसेट यांच्या मार्गदर्शनाखाली विद्यापीठाने सांघिक विजेतेपदही मिळवले. त्यानंतर मार्टिन यांनी व्यावसायिक खेळाचा मार्ग धरला.

हा निर्णय केवळ वैयक्तिक नव्हता. १९६८ साली प्रमुख स्पर्धा व्यावसायिकांना खुल्या झाल्या. त्यापूर्वी याच विद्यापीठाचे आर्थर अ‍ॅश १९६६ मध्ये पदवी घेऊनच बाहेर पडले होते. पुढे मात्र जिमी कॉनर्स (१९७१), मार्टिन (१९७५) आणि स्टॅनफर्डचे जॉन मॅकेन्रो (१९७८) या तिघांनी प्रथम वर्षातच एनसीएए एकेरी जिंकली आणि लगेच विद्यापीठ सोडले. हौशी खेळाडूची अट पाळणाऱ्या संघात राहून व्यावसायिक उत्पन्न घेता येत नसे. ज्याला बक्षिसाची रक्कम खुणावत होती, त्याला विद्यापीठ हा केवळ उंबरठा होता.

१९७७ च्या विम्बल्डनमध्ये मार्टिन उपांत्यपूर्व फेरीत पोहोचले आणि व्हिटास गेरुलायटिस यांच्याकडून पराभूत झाले. ग्रँड स्लॅम एकेरीत याहून पुढे त्यांची मजल गेली नाही. त्याच स्पर्धेत अठरा वर्षांचे मॅकेन्रो पात्रता फेरीतून येऊन उपांत्य फेरी गाठून गेले.

१९८३ च्या सुमारास मार्टिन बॅसेट यांचे साहाय्यक म्हणून विद्यापीठात परतले. दहा वर्षे त्यांनी दुय्यम पदावर काम केले आणि १९९३ मध्ये बॅसेट निवृत्त झाल्यावर मुख्य प्रशिक्षकपद स्वीकारले. (आपल्याकडील शारीरिक शिक्षण संचालक कबड्डीपासून बुद्धिबळापर्यंत सर्व संघ एकटा सांभाळतो, तेथे एका खेळाला एक पूर्णवेळ प्रशिक्षक असतो.) या कामाचे स्वरूप समजून घेतले पाहिजे. विद्यापीठीय लढतीत सहा एकेरी सामन्यांचे सहा गुण आणि तीन दुहेरी सामन्यांचा मिळून एक गुण असतो. चार गुण मिळवणारा संघ विजयी ठरतो. सहा एकेरी सामने शेजारशेजारच्या कोर्टांवर चालू असताना प्रशिक्षक खेळाडूजवळ जाऊन सल्ला देऊ शकतो. व्यावसायिक पुरुष टेनिसमध्ये मात्र सामना चालू असताना असा सल्ला दीर्घकाळ निषिद्ध होता. २०२२ पासून प्रायोगिक आणि २०२५ पासून नियमित स्वरूपात प्रेक्षागृहातून मार्गदर्शन करण्यास मुभा मिळाली. एकट्याने खेळण्याच्या या खेळाला विद्यापीठाने संघरूप दिले आणि प्रशिक्षकाला त्यात प्रत्यक्ष स्थान दिले. मार्टिन यांचे खरे कर्तृत्व या स्थानावरून घडले.

२००४ च्या अंतिम लढतीत बेलर विद्यापीठाने त्यांच्या संघाचा ४–० असा पराभव केला. पुढील वर्षी टेक्सासमधील कॉलेज स्टेशन येथे त्याच बेलरला ४–३ असे नमवून यूसीएलएने १९८४ नंतरचे पहिले आणि एकूण सोळावे सांघिक विजेतेपद मिळवले. २००६ मध्ये मार्टिन यांचे शिष्य बेंजामिन कोलोफेल यांनी एकेरीच्या अंतिम सामन्यात व्हर्जिनिया विद्यापीठाकडून खेळणाऱ्या सोमदेव देववर्मन यांना हरवले. सोमदेव यांनी पुढील दोन्ही वर्षे हे विजेतेपद पटकावले आणि २०१० च्या आशियाई क्रीडास्पर्धेत एकेरीचे सुवर्णपदक मिळवले.

मार्टिन यांच्या शिष्यांपैकी मार्कोस जिरॉन (२०१४) आणि मॅकेन्झी मॅकडोनाल्ड (२०१६) हेही एकेरीचे विजेते झाले. लक्षणीय बाब ही की, दोघेही तीन वर्षे विद्यापीठात राहून व्यावसायिक झाले. गुरूने एका वर्षात ओलांडलेला उंबरठा शिष्यांनी सावकाश ओलांडला. या बदलाचे सारे श्रेय एका प्रशिक्षकाला देणे योग्य नव्हे; दरम्यानच्या काळात व्यावसायिक टेनिस अधिक शारीरिक क्षमतेचे आणि अधिक परिपक्व वयाचे झाले होते. जिरॉन यांनी आपले पहिले एटीपी विजेतेपद २०२४ साली न्यूपोर्ट येथे, वयाच्या तिसाव्या वर्षी मिळवले. त्या वयात मार्टिन यांचे खेळाडू म्हणून दिवस संपले होते आणि ते विद्यापीठात साहाय्यक प्रशिक्षक होते.