एकोणचाळीस मिनिटांचा हिशेब

चंडीगडहून अंबाल्याकडे जाताना घग्गर नदी ओलांडली की डेराबस्सी लागते. पंजाबच्या मोहाली जिल्ह्यातील हे तालुक्याचे गाव औषधांच्या व रसायनांच्या कारखान्यांमुळे ओळखले जाते. नोकरीनिमित्त या बाजूला येऊन राहिलेल्या मराठी माणसाला येथे एक गोष्ट लवकर कळते. पंजाबातील पुष्कळ घरांत दोन घड्याळे चालतात, एक भिंतीवरचे आणि दुसरे मनातले. मनातले घड्याळ कॅनडाचे असते. टोरांटोत मुलगा असेल तर उन्हाळ्यात साडेनऊ तास वजा करावयाचे आणि हिवाळ्यात साडेदहा, हे शाळेत फारशा न गेलेल्या आजीबाईंनाही पाठ असते. ज्यांची मुले परदेशी आहेत अशा पुण्या-मुंबईच्या घरांना हे निराळे सांगावयास नको.

दोन ठिकाणच्या वेळांचे रूपांतर हा खरे तर तिसरी-चौथीच्या गणिताचा विषय. पृथ्वी 24 तासांत 360 अंश फिरते, म्हणजे एका अंशास चार मिनिटे. पूर्वेकडे जाल तर मिळवा, पश्चिमेकडे जाल तर वजा करा. परंतु हे रूपांतर सरकारी आदेशाने करावयाचे ठरते, तेव्हा गणिताच्या पलीकडचा एक प्रश्न उभा राहतो. घड्याळाचे काटे पुढे सरकले की ती मिनिटे कोणाच्या तरी झोपेतून, जेवणातून किंवा उजेडातून येतात. ती कोणाच्या वाट्याची, हे कोण ठरवतो? आपल्या देशात हा प्रश्न सर्वांत तीव्रपणे मुंबईत उभा राहिला आणि तो निकालात निघण्यास चार दशकांहून अधिक काळ लागला.

तेथे जाण्यापूर्वी डेराबस्सीचाच हिशेब मांडून पाहू. या परिसरातून जाणारा दिल्ली–अंबाला–कालका लोहमार्ग 1891 मध्ये सुरू झाला. त्या वेळी हिंदुस्थानातील रेल्वे मद्रासच्या वेधशाळेच्या वेळेवर चालत असे. 1870 मध्ये मुंबई आणि कलकत्ता हे दोन टोकांचे मार्ग जबलपूरमार्गे जोडले गेल्यावर सर्व रेल्वे कंपन्यांना एकच वेळ हवी झाली, आणि मुंबईला कलकत्त्याची किंवा कलकत्त्याला मुंबईची वेळ लावण्यापेक्षा मधल्या मद्रासची बरी, असा व्यवहारी तोडगा निघाला. मद्रासचा रेखांश सुमारे 80 अंश 15 मिनिटे, डेराबस्सीचा सुमारे 76 अंश 50 मिनिटे. म्हणजे गाडीच्या घड्याळात बारा वाजत, तेव्हा येथील सूर्य डोक्यावर येण्यास अजून चौदा मिनिटे अवकाश असे. आजच्या भारतीय प्रमाण वेळेशी तुलना केली तर डेराबस्सीचा सूर्य सुमारे 23 मिनिटे मागे आहे, मुंबईचा 39 मिनिटे.

त्या चौदा मिनिटांबद्दल येथे कोणी तक्रार केल्याचे माझ्या वाचनात नाही, आणि त्याचे आश्चर्यही वाटत नाही. गाडी गाठण्यासाठी माणूस आधीच येऊन बसतो आणि गाडी गेली की पुन्हा आपल्या सूर्याच्या वेळेने शेतीला लागतो. रेल्वेची वेळ ही प्रवासापुरती होती, गावाची वेळ गावाकडेच राहिली होती. जोवर दोन वेळा आपापल्या कामापुरत्या नांदत होत्या, तोवर लोकांना रूपांतराचा त्रास होता, जाच नव्हता.

मुंबईत हे नांदणे 1881 मध्ये बिघडले. गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांनी सरकारी कचेऱ्यांना मद्रास वेळ लागू केली. शहराची वेळ ग्रिनिचच्या 4 तास 51 मिनिटे पुढे, मद्रासची 5 तास 21 मिनिटे. फरक बरोबर अर्ध्या तासाचा. गाड्या एका वेळेने आणि कचेऱ्या दुसऱ्या वेळेने चालाव्यात हे कोणाही प्रशासकाला खटकणारच, तेव्हा फर्ग्युसन यांचा हेतू वाईट होता असे मी म्हणणार नाही. परंतु शहराला विचारले गेले नव्हते. नाराजी वाढत गेली. विद्यापीठाच्या राजाबाई टॉवरवरील घड्याळ रात्री उजळण्याचा खर्च सरकार देणार होते, ते घड्याळ सरकारी वेळ दाखवील तरच, अशी अट पुढे आली. सिनेटने मुंबईच्या वेळेच्या बाजूने कौल दिला. 1883 मध्ये सरकारने आपला आदेश मागे घेतला आणि मुंबई पुन्हा आपल्या सूर्याच्या वेळेवर आली.

पुढच्याच वर्षी, म्हणजे 1884 मध्ये, नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने गिरणी कामगारांनी एक निवेदन तयार केले. त्यावर सुमारे साडेपाच हजार सह्या होत्या. रविवारची सुटी, दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती, वेळेवर पगार, अपघातात भरपाई, या मागण्या आपल्या परिचयाच्या आहेत. त्यांतील कामाच्या तासांची मागणी मात्र सावकाश वाचण्यासारखी आहे: काम सकाळी साडेसहाला सुरू व्हावे आणि सूर्यास्ताला थांबावे. सुरुवात घड्याळाने, शेवट सूर्याने! प्रथमदर्शनी ही मागणी विसंगत वाटते. परंतु हिशेब करून पाहावा. मुंबईत जानेवारीत सूर्य आजच्या वेळेने सव्वासातच्या सुमारास उगवतो. त्यातून 39 मिनिटे वजा केली की जुन्या मुंबई वेळेचे साडेसहा-पावणेसात होतात. म्हणजे वर्षातील सर्वांत उशिराच्या सूर्योदयाच्या जवळपास काम सुरू व्हावे, एवढेच ती मागणी म्हणत होती. मुंबईची वेळ आणि मुंबईचा सूर्य यांची फारकत झालेली नव्हती, म्हणून कामगारांना घड्याळाचा आकडा लिहून उजेड मागता आला.

ही फारकत 1 जानेवारी 1906 रोजी झाली. रेल्वे आणि तारखाते यांनी 1905 मध्येच ग्रिनिचच्या साडेपाच तास पुढची नवी प्रमाण वेळ घेतली होती. मद्रास वेळेहून ती केवळ नऊ मिनिटे पुढे असल्यामुळे त्यांचे काहीच अडले नाही. मुंबई सरकारने नव्या वर्षाच्या पहिल्या दिवसापासून ती शहरातील आपल्या कारभारासाठी लागू केली, आणि 39 मिनिटांचा फरक पडला.

आता गिरणीतील कामगाराच्या जागी उभे राहून पाहू. समजा भोंगा सहाला होतो. नव्या घड्याळाचे सहा म्हणजे जुने पाच वाजून 21 मिनिटे. जानेवारीत सूर्य उगवण्यास अजून तासाहून अधिक वेळ. त्या आधी उठून, भाकरी बांधून, चाळीतून अंधारात चालत गिरणी गाठावयाची. घरच्या बाईचा दिवस त्याही आधी सुरू होणार. संध्याकाळी तितकेच लवकर सोडले असते, तर दिवस फक्त सरकला असता, वाढला नसता. परंतु ज्या गिरणीत सुरुवात घड्याळाने आणि शेवट उजेडावर ठरत असे, तेथे ही 39 मिनिटे सरळ कामाच्या तासांत जमा होणार होती. त्यातच 1905 च्या सुमारास गिरण्यांत विजेचे दिवे आले होते आणि सूर्य मावळल्यावरही साचे चालू ठेवणे शक्य झाले होते. दिवसाचे तेरा-चौदा तास काम चालत होते. प्रौढ पुरुषांच्या तासांवर त्या वेळी कायद्याची कसलीही मर्यादा नव्हती. कापडगिरण्यांसाठी बारा तासांची मर्यादा आली ती 1911 च्या कायद्याने. म्हणजे दिवसाचे एक टोक विजेने आधीच मोकळे केले होते, दुसरे टोक घड्याळाने ओढले जात होते.

जानेवारी 1906 मध्ये हजारो गिरणी कामगारांनी काम नाकारले, गिरण्यांवर दगडफेक झाली. पाठोपाठ शहरातील नागरिकांनी निवेदने दिली आणि त्यांवर पंधरा हजारांहून अधिक सह्या झाल्या. वंगभंगाला जेमतेम तीन महिने झाले होते, त्यामुळे वरून आलेल्या कोणत्याही आदेशाकडे संशयाने पाहिले जाणे स्वाभाविक होते. सुशिक्षितांचा आक्षेप मुख्यतः हा, की आमच्या शहराची वेळ आम्हाला न विचारता का बदलली. कामगारांचा आक्षेप याहून साधा आणि माझ्या मते अधिक वजनदार होता. त्यांची झोप जात होती.

अर्थशास्त्रात करभाराचा एक प्राथमिक धडा आहे. कर कोणावर लावला आहे ते कायदा वाचून कळते, पण तो शेवटी कोण सोसतो ते बाजारातील बळावरून ठरते. ज्याला आपले वर्तन बदलण्याची सोय कमी, त्याच्याकडे भार सरकत जातो. 39 मिनिटांचेही तसेच झाले. व्यापारी आपल्या पेढीची वेळ बदलू शकत होता, वकील आपल्या अशिलाला उशिरा बोलावू शकत होता. भोंग्याची वेळ कामगाराच्या हाती नव्हती.

मुंबई महापालिकेने 1906 मध्येच आपली घड्याळे मुंबईच्या वेळेवर ठेवण्याचा निर्णय घेतला. या बाजूने बोलणाऱ्यांत फिरोजशहा मेहता होते. तेव्हापासून एका शहरात दोन वेळा सुरू झाल्या. सरकारी कचेऱ्यांत आणि स्टेशनात स्टँडर्ड टाइम, महापालिकेच्या घड्याळांवर मुंबई टाइम. वेळ ठरवताना ‘कोणत्या वेळेने?’ हे विचारणे ओघानेच आले. स्वातंत्र्य मिळाले, प्रजासत्ताक आले, तेव्हा कोठे महापालिकेची वेळ इतिहासजमा झाली. कलकत्त्याची, प्रमाण वेळेच्या 24 मिनिटे पुढची, स्वतंत्र वेळ 1948 पर्यंत टिकली होती.

जुनी कागदपत्रे किंवा घरातील जन्मटिपणे वाचणाऱ्यांनी हा इतिहास ध्यानात ठेवावा. 1905 पूर्वीच्या रेल्वेच्या कागदातील वेळेत नऊ मिनिटे मिळवली की आजची वेळ मिळते. मुंबई वेळेत नोंदलेल्या प्रसंगात 39 मिनिटे मिळवावयाची. 1 सप्टेंबर 1942 ते 15 ऑक्टोबर 1945 या युद्धकाळात सरकारी घड्याळे एक तास पुढे होती, तेव्हा त्या काळातील सरकारी वेळेतून एक तास वजा करावा लागतो. मुंबई वेळ आणि सरकारी वेळ यांतील अंतर त्या तीन वर्षांत 1 तास 39 मिनिटे झाले होते. आजोबांच्या पत्रिकेवरून घराघरांत होणारे वाद यातील एखाद्या ओळीने मिटू शकतील, निदान वाढणार तरी नाहीत.

महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्यांना रूपांतराचा आणखी एक अनुभव दर महिन्याला येतो, तो संकष्टीचा. दिनदर्शिकेतील चंद्रोदय मुंबई-पुण्याचा असतो. डेराबस्सी मुंबईच्या चार अंश पूर्वेला, म्हणून सोळा मिनिटे वजा करून मोकळे व्हावे, असे वाटते. तसे ते होत नाही. अक्षांशातील साडेअकरा अंशांचा फरक आड येतो. जानेवारीत येथील सूर्योदय मुंबईच्या जवळपास त्याच वेळी, सात वाजून वीस मिनिटांच्या आसपास होतो, तर जूनमध्ये मुंबईच्या सुमारे 40 मिनिटे आधी. चंद्राचेही असेच बदलत राहते. उपवास सोडण्यासाठी स्थानिक वेळ पाहणे हाच खरा मार्ग. एक प्रमाण वेळ देशाला बांधून ठेवते, आकाशाला नाही.

स्वतंत्र भारताच्या कायदेकारांनी हे ओळखले होते. 1948 च्या कारखाना कायद्याच्या तिसऱ्या कलमात कायद्यातील वेळ म्हणजे भारतीय प्रमाण वेळ असे म्हटले होते, आणि लगेच पुढे, जेथे ती वेळ सामान्यतः पाळली जात नाही तेथे राज्य सरकारला स्थानिक वेळ मान्य करण्याची मुभाही दिली होती. आसामच्या चहामळ्यांत तासभर पुढची ‘बागान टाइम’ चालत आली ती याच समजुतीच्या छायेत. जानेवारी 2025 मध्ये केंद्र सरकारने सर्व कायदेशीर व व्यापारी व्यवहारांसाठी प्रमाण वेळ बंधनकारक करणाऱ्या नियमांचा मसुदा हरकतींसाठी प्रसिद्ध केला. बँका, दूरसंचार, वीजवितरण यांना सेकंदाच्या अंशापर्यंत एकच वेळ लागते, तेव्हा मसुद्यामागील गरज खरी आहे. पण घड्याळ एक असले म्हणून दिनक्रमही एकच असावा, असे त्यातून निघत नाही.

2023 च्या उन्हाळ्यात पंजाब सरकारने काय केले ते या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. दुपारच्या विजेच्या मागणीचा ताण कमी व्हावा म्हणून 2 मे ते 15 जुलै या काळापुरती सरकारी कचेऱ्यांची वेळ सकाळी साडेसात ते दुपारी दोन अशी करण्यात आली. डेराबस्सीचे तहसील कार्यालय साडेसातला उघडू लागले, तर जवळच्या चंडीगडमधील केंद्र सरकारची कार्यालये आपल्या नेहमीच्या वेळेने चालत राहिली. दोन्हीकडे कामे असणाऱ्यांची थोडी धावपळ झाली असणार. परंतु भिंतीवरच्या घड्याळाला कोणी हात लावला नव्हता. किती वाजता यावयाचे आणि किती वाजता जावयाचे, ही दोन्ही टोके आदेशात लिहिलेली होती आणि आदेश कधी संपणार याची तारीखही. 1906 मध्ये काटे पुढे करण्याचा आदेश निघाला, पण भोंगा कधी व्हावा आणि कामगाराला कधी सोडावे हे गिरणीच्या दारातच ठरत राहिले.