पारावरचे चिमणराव

राळेगणसिद्धीचं नाव काढलं, की लोक पाण्याबद्दल विचारतात. पारनेर तालुक्यातल्या या माझ्या गावानं पाणी अडवलं, हे खरंच. पण आज मी इथल्या हसण्याविषयी बोलणार आहे.

१९७२च्या दुष्काळानंतर अब्बा हमालीसाठी पुण्याला गेले. मुंबई दूरदर्शन त्याच वर्षी सुरू झालं आणि १९७३ मध्ये पुण्यातही दिसू लागलं. त्या दशकाच्या अखेरीस सुट्टीत मी अब्बांकडे गेलो, तेव्हा चाळीतल्या एका काकूंच्या घरी, दारात बसून, चिमणराव आणि गुंड्याभाऊंची मालिका पाहिली. दिलीप प्रभावळकर चिमणराव, बाळ कर्वे गुंड्याभाऊ. निर्मिती विजया धुमाळे यांची. मूळ कथा चि. वि. जोशींच्या, १९३०च्या दशकापासून गाजलेल्या. जोशी बडोद्याला पाली भाषेचे प्राध्यापक होते. पण नावं ठेवली चिमण, काऊ, मैना, राघू! सगळं घर पाखरांचं.

चिमणराव पुण्याचे पांढरपेशे ब्राह्मण, आम्ही खेड्यातले मुसलमान. घरात दखनी बोलणारे. तरी अब्बा पोट धरून हसले. दुष्काळानंतर त्यांना तसं हसताना मी प्रथमच पाहत होतो. परतताना म्हणाले, "बेटा, ये तो अपनाच आदमी है." ओढाताणीचा संसार, त्यात चारचौघांत इज्जत राखायची धडपड, आणि शहाणपणा करायला जावं तर फजिती. यात जात-धर्म कुठे येतो? चिमणराव दुबळ्याला हसत नाहीत. स्वतःचीच फजिती पुढे करतात.

मेक्सिकोतही त्याच दशकात असंच घडलं. रोबेर्तो गोमेझ बोलान्योस यांनी 'एल चावो देल ओचो' या मालिकेत पिंपात लपणारा पोरका मुलगा आणि भाडं थकवणारा शेजारी उभा केला. आपल्या चाळीसारखंच ते अंगण. भाषांतर होऊन ब्राझीलही त्यावर हसलं. बोलान्योस २०१४ मध्ये गेले, तरी त्या अंगणाची आठवण लोकांनी जपली आहे.

आपल्याकडे मात्र महागड्या टेपा पुन्हापुन्हा वापरल्या जात. त्यात दूरदर्शनचे कितीतरी कार्यक्रम पुसले गेले. चिमणरावांचेही थोडेच भाग आज पाहायला मिळतात.

माझ्याकडे टेप नव्हतीच. सुट्टी संपली, की पारावर पोरं जमायची आणि मी पाहिलेला भाग सांगायचो. आठवेना तिथं पदरचं घालायचो. मित्र काठी घेऊन गुंड्याभाऊ व्हायचा. पुढं मी कविता लिहू लागलो. मराठीत माणसं हसवता येतात, ही हिंमत मला त्या पारानं दिली.

२०२५ मध्ये बाळ कर्वे गेले. त्या दिवशी मी गावातच होतो. माझा तो मित्र, आता नातवंडांचा आजोबा, घरी आला. म्हणाला, "गुंड्याभाऊ गेले रे." थोडा वेळ आम्ही गप्प होतो. मग त्यानं कोपऱ्यातली काठी उचलली आणि नातवाला हाक मारली.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)