शेतजमीन अधियाने देणे आणि गहाण ठेवणे : जामुल व दुर्ग जिल्ह्यातील शेतकऱ्यांसाठी माहिती

जामुल आणि भिलाई परिसरातील शेतजमिनींना छत्तीसगड भू-राजस्व संहिता, १९५९ लागू आहे. विदर्भातून येऊन येथे स्थायिक झालेल्या कुटुंबांनी लक्षात ठेवावे की महाराष्ट्रातील कुळकायदा या जमिनींना लागू होत नाही. जमीन ज्या राज्यात असेल, त्याच राज्याचा कायदा पाहावा.

भूमिस्वामी म्हणजे कोण?
जुन्या मध्य प्रांतातील मालगुजारी १९५१ मध्ये संपली. संहितेनुसार शासनाकडून जमीन धारण करणाऱ्याला भूमिस्वामी म्हणतात. जमीन विकण्याचा, गहाण ठेवण्याचा किंवा भाड्याने देण्याचा अधिकार त्याला आहे, पण या अधिकाराला काही मर्यादा आहेत.

अधिया आणि रेगहा
• कलम १६८ नुसार जमीन सलग तीन वर्षांच्या काळात एका वर्षापेक्षा जास्त मुदतीने भाडेपट्ट्याने देता येत नाही.
• कसणाऱ्याने स्वतः बैल लावून पिकाचा ठरलेला हिस्सा मालकाला द्यायचा, हा व्यवहारही भाडेपट्टाच मानला जातो.
• विधवा, अविवाहित स्त्री, पतीने सोडलेली स्त्री, अज्ञान मूल, वृद्धत्व किंवा अपंगत्वामुळे शेती करू न शकणारी व्यक्ती आणि सैन्यात असलेली व्यक्ती यांना या मर्यादेतून सूट आहे.
• नियम मोडून जमीन दिल्यास कलम १६९ नुसार कसणाऱ्याला मौरूसी कृषकाचे हक्क मिळू शकतात.

कसणाऱ्याला कोणत्या योजना मिळतात?
प्रधानमंत्री पीक विमा योजनेत आणि किसान क्रेडिट कार्डात बटाईदार व भाडेपट्टाधारक शेतकरी पात्र आहेत. पीएम-किसानचे वार्षिक ६,००० रुपये मात्र नावावर शेतजमीन असलेल्या कुटुंबालाच मिळतात.

खासगी व्यक्तीकडे जमीन गहाण ठेवताना
• कलम १६५ (२) नुसार गहाण ठेवल्यानंतर भूमिस्वामीकडे किमान ५ एकर ओलिताची किंवा १० एकर कोरडवाहू जमीन बोजामुक्त राहिली पाहिजे. तसे नसेल तर शेतजमिनीचे गहाण वैध ठरत नाही.
उदाहरण : एकूण ३ एकर कोरडवाहू जमीन असलेल्याने सावकाराकडे ठेवलेले गहाण वैध नाही. १२ एकर कोरडवाहू असेल तर जास्तीत जास्त २ एकर गहाण ठेवता येते.
• ताबा देऊन केलेले गहाण ६ वर्षांपेक्षा जास्त मुदतीचे असू शकत नाही. मुदत संपली की कोणतीही रक्कम न देता जमीन सुटली, अशी अट त्यात असावीच लागते.
• मुदतीनंतर सावकार ताबा सोडत नसेल तर तहसीलदार त्याला हटवून भूमिस्वामीला ताबा देऊ शकतात.
• ताबा न देता केलेल्या गहाणात एकूण व्याज मुद्दलाच्या निम्म्यापेक्षा जास्त होऊ शकत नाही.
• आदिवासी भूमिस्वामीची जमीन कर्जाच्या व्यवहारातूनही जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय बिगर-आदिवासीकडे जाऊ शकत नाही. आदिवासीबहुल अधिसूचित क्षेत्रात असे हस्तांतरण करताच येत नाही.

बँक व सहकारी संस्थेचे कर्ज
सहकारी संस्थेच्या कर्जाला वरील एकरांची मर्यादा आड येत नाही. १ जानेवारी २०२५ पासून २ लाख रुपयांपर्यंतच्या शेतीकर्जासाठी बँकेने तारण मागू नये, असे रिझर्व्ह बँकेचे निर्देश आहेत. म्हणून लहान कर्जासाठी सावकाराकडे जाण्याआधी बँकेत चौकशी करावी. शेतजमिनीच्या तारणाला सरफेसी कायदा, २००२ लागू होत नाही. मात्र इतर कायदेशीर मार्गांनी वसुली होऊ शकते.

काय करावे?
१. ‘भुइयां’ पोर्टलवर किंवा पटवाऱ्याकडे बी-१ आणि खसरा पाहावा. जमिनीवर कोणता बोजा नोंदलेला आहे ते तपासावे.
२. कोऱ्या कागदावर सही किंवा अंगठा देऊ नये. गहाणखत नोंदणीकृत असावे आणि त्यावर दोन साक्षीदारांच्या सह्या असाव्यात.
३. ‘गहाण’ म्हणून सांगितलेला दस्त प्रत्यक्षात विक्रीपत्र तर नाही ना, हे दुसऱ्या जाणत्या माणसाकडून वाचून घ्यावे.
४. कर्ज फिटल्यावर बेबाकी प्रमाणपत्र घ्यावे आणि बोजा कमी करून घ्यावा.
५. जमिनीवरून बेकायदा हटवले गेल्यास कलम २५० खाली तहसीलदारांकडे अर्ज करावा. अर्जाला मुदत असते, त्यामुळे उशीर करू नये.

महिला, अनुसूचित जाती-जमातीचे सदस्य आणि अल्प उत्पन्न असलेल्या व्यक्ती यांना जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो.