दहा मिनिटांचे वय

चित्रपटाच्या इतिहासाचा आरंभच मुळी नित्य जीवनातील काळाच्या नोंदीने झाला. २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसमध्ये ल्युमिएर बंधूंनी जे चित्रखंड दाखविले, त्यांत आईबाप आपल्या लहानग्या मुलीला भरवीत आहेत, असे मिनिटभराहूनही अल्प असे एक दृश्य होते. काळ जसा गेला तसाच तो पडद्यावर उतरला. पुढे संकलनकला प्रगत झाली आणि काळ तुकड्यातुकड्यांनी रचला जाऊ लागला. काव्हाल्कान्तीने १९२६ साली पॅरिसचा व व्हेर्तोव्हने १९२९ साली सोव्हिएत नगरजीवनाचा एकेक दिवस असाच रचला. त्यात दिग्दर्शकाची प्रतिभा निःसंशय दिसते. परंतु प्रत्यक्ष काळ मात्र दोन दृश्यांच्या सांध्यात हरवतो.

तो परत मिळविण्याचे श्रेय ज्या अनुबोधपटांना द्यावे लागेल, त्यांत हेर्झ फ्रँक यांचा १९७८ मधील दहा मिनिटांचा लघुपट अग्रगण्य आहे. स्थळ लाटव्हियातील रीगा, प्रसंग बाहुल्यांच्या खेळाचा. छायालेखक युरिस पोदनिएक्स यांचा कॅमेरा रंगमंचाकडे पाठ फिरवून प्रेक्षकांतील एका बालकाच्या मुखावर स्थिरावतो आणि दृश्य कोठेही खंडित होत नाही. भय, कुतूहल, दुःख, हर्ष त्या मुखावरून सरकत जातात. खेळ आपणांस दिसत नाही. तो दिसता, तर ते मुख खेळाची केवळ टीप ठरले असते.

या लघुपटाच्या नावाशी अनुवादक या नात्याने मी पुष्कळ झगडलो आहे. मूळ नावाचा आशय ‘वयाने दहा मिनिटे अधिक’ असा. मराठीत ‘म्हातारा’ म्हणावे तर बालकाची थट्टा होते, ‘वडील’ हा शब्द नात्याकडे ओढतो, आणि ‘मोठा’ म्हणावे तर वाढ उरते, सरलेले आयुष्य निसटते. फ्रँक यांच्या त्या अखंड दृश्यात मात्र वाढणे आणि सरणे ही एकच क्रिया आहे.

२००२ साली पंधरा दिग्दर्शकांनी हेच नाव घेऊन प्रत्येकी दहा मिनिटांचे चित्रपट केले. नाव आणि अवधी त्यांना उचलता आला. परंतु मूळ कृतीचे मर्म अवधीत नव्हते. ते होते आपल्या डोळ्यांदेखत कोणाचे तरी आयुष्य पुढे सरकत असताना दृष्टी न हलविण्याच्या संयमात.