मनोहर, शशांक व्यंकटेश

(२९ सप्टेंबर १९५७ – ). नागपूरचे विधिज्ञ व क्रिकेट-प्रशासक. भारतीय क्रिकेट नियामक मंडळाचे दोन वेळा अध्यक्ष (२००८–११ व २०१५–१६) आणि आंतरराष्ट्रीय क्रिकेट परिषदेचे पहिले स्वतंत्र कार्याध्यक्ष (२०१६–२०). इंडियन प्रीमियर लीग ह्या व्यावसायिक स्पर्धेची कल्पना त्यांची नव्हे आणि तिचा रोजचा कारभारही कधी त्यांच्या हाती नव्हता. तथापि ज्या मंडळाच्या सनदेखाली ती चालते त्या मंडळाची सूत्रे अशा काळी त्यांच्याकडे आली की, पैशाचा ओघ नियमांचे काठ सोडून वाहू लागला म्हणजे त्याला आवर घालणारा अधिकारी हीच त्यांची ओळख होऊन बसली. काठ प्रथम ढासळले तेव्हा अध्यक्षपदी तेच होते, हेही येथेच नमूद केलेले बरे.

त्यांचे वडील व्ही. आर. मनोहर हे ख्यातनाम वकील असून त्यांनी महाराष्ट्राचे महाधिवक्ता म्हणून काम केले. शशांक मनोहर यांनीही वकिली पत्करली आणि क्रिकेटच्या कारभारात ते विदर्भ क्रिकेट संघटनेमार्फत आले. मुंबई, पुणे व नागपूर अशा तीन संघटनांत महाराष्ट्राचे क्रिकेट विभागलेले असून त्यांपैकी नागपूरची संघटना मैदानावरील कर्तबगारीच्या मानाने दीर्घकाळ दुय्यमच गणली जात होती. अशा संघटनेतून आलेल्या मनुष्याचे बळ खेळाडूंच्या नावलौकिकात नसून नियमावली वाचण्यात असावे, हे ओघानेच आले. ऑक्टोबर २००४ मध्ये सिव्हिल लाइन्सच्या जुन्या मैदानावर भारत व ऑस्ट्रेलिया यांच्यातील कसोटीसाठी हिरवळ राखलेली खेळपट्टी मिळाली, यजमानांचा ३४२ धावांनी पराभव झाला आणि पाहुण्यांनी ३५ वर्षांनंतर भारतात मालिका जिंकली. मनोहर तेव्हा संघटनेचे प्रमुख होते व मंडळातील जगमोहन दालमिया व शरद पवार यांच्या संघर्षात पवार यांच्या बाजूला होते, त्यामुळे त्या गवतात राजकारण शोधणाऱ्यांची उणीव भासली नाही. वर्धा मार्गावरील जामठा येथील नवे क्रीडागार त्यांच्याच अमदानीत उभे राहिले व नोव्हेंबर २००८ मध्ये तेथे पहिली कसोटी झाली.

२००५ च्या अखेरीस पवार मंडळाचे अध्यक्ष झाले. त्यांच्याच मुदतीत ललित मोदी यांच्या पुढाकाराने लीगची घोषणा झाली, २४ जानेवारी २००८ रोजी आठ संघांचे मक्ते सुमारे ७२ कोटी ३० लाख डॉलरना विकले गेले आणि १८ एप्रिलला बंगळूर येथे पहिला सामना झाला. सप्टेंबर २००८ च्या ज्या वार्षिक सभेत मनोहर यांनी अध्यक्षपदाची सूत्रे घेतली, त्याच सभेच्या सुमारास मंडळाच्या पदाधिकाऱ्याला मंडळाच्या कारभारात व्यापारी हितसंबंध ठेवण्यास मनाई करणाऱ्या कलमातून लीगला वगळणारी दुरुस्ती मंजूर झाली; सर्वोच्च न्यायालयाने ती २२ जानेवारी २०१५ रोजी रद्दबातल ठरवली. कायद्याचा कीस काढणारा अध्यक्ष लाभूनही ती दुरुस्ती सहा वर्षांहून अधिक काळ तशीच राहिली, हा त्यांच्या कारकीर्दीवरील सर्वांत वजनदार आक्षेप होय.

२००९ साली लोकसभेच्या निवडणुका व लीग यांचे वेळापत्रक एकमेकांवर येऊन बंदोबस्ताचा प्रश्न उपस्थित झाला, तेव्हा अवघ्या काही आठवड्यांत संपूर्ण स्पर्धा दक्षिण आफ्रिकेत हलविण्यात आली. पराक्रम म्हणून त्या स्थलांतराची तेव्हा वाहवा झाली. परकीय चलनाच्या नियमांसंबंधीची त्याची चौकशी मात्र पुढे कित्येक वर्षे मंडळाचा पिच्छा पुरवीत राहिली. मार्च २०१० मध्ये पुणे व कोची हे दोन संघ प्रत्येकी ३० कोटी डॉलरपेक्षा अधिक रकमेस विकले गेले, कोची संघाच्या भागीदारांची नावे मोदी यांनी ट्विटरवर जाहीर केली आणि त्या गदारोळात, कोची संघाशी नाव जोडले गेलेले केंद्रीय राज्यमंत्री शशी थरूर यांना राजीनामा द्यावा लागला.

२५ एप्रिल २०१० रोजी नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील क्रीडागारात चेन्नई व मुंबई यांच्यात अंतिम सामना झाला. बक्षीस-समारंभात लीगचे अध्यक्ष या नात्याने मोदी यांनी जाहीर भाषण केले, आणि समारंभाचे दिवे मालवतात न मालवतात तोच त्यांच्या निलंबनाची नोटीस मंडळाचे चिटणीस एन. श्रीनिवासन यांच्याकडून ई-मेलने रवाना झाली. संघांच्या लिलावातील गैरव्यवहार, प्रक्षेपणाच्या करारातील ८ कोटी डॉलरची दलाली, वर्तनातील अरेरावी असे आरोप त्यात होते व ते मोदी यांनी साफ नाकारले. दुसऱ्या दिवशी मनोहर यांनी वार्ताहरांपुढे कारवाईचा खुलासा केला आणि हंगामी अध्यक्ष म्हणून चिरायू अमीन यांची नेमणूक झाली. स्पर्धा पार पडेपर्यंत थांबून नंतर हुकूम बजावण्यात वकिली धोरण होते. मोदी यांना मंडळाने २०१३ साली कायमचे बहिष्कृत केले. ऑक्टोबर २०१० मध्ये मालकी हक्कांतील फेरफाराच्या कारणावरून राजस्थान व पंजाब या संघांचे करारही मंडळाने रद्द केले होते. ते दोन्ही संघ न्यायालय व लवाद यांच्या मार्गाने परतले, म्हणजे हा डाव मनोहर यांच्याच शास्त्रात त्यांच्यावर उलटला.

२०११ मध्ये मुदत संपल्यावर ते नागपुरास परतले. जगमोहन दालमिया यांच्या निधनानंतर, चेन्नई व राजस्थान हे संघ सर्वोच्च न्यायालयाने नेमलेल्या लोढा समितीच्या निर्णयाने दोन वर्षांसाठी निलंबित झालेले असताना, पूर्व विभागाच्या सहाही संघटनांनी सुचविल्यावरून ४ ऑक्टोबर २०१५ रोजी ते पुन्हा बिनविरोध अध्यक्ष झाले. त्यांनी निवृत्त न्यायमूर्ती ए. पी. शाह यांना लोकपाल नेमले, मोठ्या खर्चाचे हिशेब जाहीर करण्याचा पायंडा पाडला आणि श्रीनिवासन यांच्या जागी परिषदेचे कार्याध्यक्षपद स्वतःकडे घेतले. त्याच नोव्हेंबरात जामठ्यावरील दक्षिण आफ्रिकेविरुद्धची कसोटी तीन दिवसांत आटोपली आणि परिषदेने तेथील खेळपट्टी निकृष्ट ठरवून ताकीद दिली. अकरा वर्षांपूर्वी गवत फार झाले होते, या खेपेस फिरकी. आणि ताकीद देणाऱ्या संस्थेचे कार्याध्यक्ष स्वतः मनोहर होते.

मे २०१६ मध्ये, लोढा समितीच्या शिफारशींवरील सर्वोच्च न्यायालयाचा निकाल तोंडावर आला असता, त्यांनी मंडळ सोडले. ऐन अडचणीत ते निघून गेले अशी टीका सहकाऱ्यांनी केली व ती अगदीच अनाठायी म्हणता येत नाही. परिषदेच्या कार्याध्यक्षाने कोणत्याही राष्ट्रीय मंडळात पद धारण करू नये असा नियम आता झाला होता. त्या नियमाखाली ते कार्याध्यक्षपदी बिनविरोध निवडून आले. भारत, इंग्लंड व ऑस्ट्रेलिया या तीन मंडळांनी २०१४ साली परिषदेच्या उत्पन्नाची जी वाटणी करून घेतली होती, तिच्यानुसार भारतास आठ वर्षांत सुमारे ४४ कोटी डॉलर मिळावयाचे होते. एप्रिल २०१७ मध्ये परिषदेने १३ विरुद्ध १ मतांनी ही वाटणी मोडून भारताचा हिस्सा २९ कोटी ३० लाखांवर आणला. विरोधी मत अर्थातच भारताचे होते. जूनमध्ये तडजोडीने भारतास ४० कोटी ५० लाख, इंग्लंडला १३ कोटी ९० लाख, झिंबाब्वेला ९ कोटी ४० लाख व उरलेल्या सात पूर्ण सभासदांना प्रत्येकी १२ कोटी ८० लाख डॉलर ठरले. त्याच बैठकसत्रात अफगाणिस्तान व आयर्लंड यांना पूर्ण सभासदत्व लाभले. आपल्याच देशाच्या मंडळाचा वाटा कमी करविणारा कार्याध्यक्ष भारतात लोकप्रिय होणे शक्य नव्हते. परंतु खेळ बारा देशांत जगवावयाचा असेल तर हिशेब असाच मांडला पाहिजे, ही त्यांची भूमिका प्रस्तुत लेखकास रास्त वाटते.

वाटपाचा हाच प्रश्न देशातही खालपर्यंत पोहोचतो. मंडळाचा पैसा राज्य संघटनांकडे जातो. उदाहरणार्थ, बीड जिल्हा पुण्याच्या महाराष्ट्र क्रिकेट संघटनेच्या कक्षेत येतो, आणि आष्टीसारख्या तालुक्यास पोहोचेपर्यंत त्या ओघाची धार अतिशय बारीक होते. बीड येथे जन्मलेले संजय बांगर कसोटीपर्यंत पोहोचले ते रेल्वेच्या संघातून. लीगमध्ये प्रशिक्षक म्हणून ते मान्यता पावले ते त्यानंतर. आष्टी तालुक्यातील मांडव्याचा अविनाश साबळे तर लष्करात भरती होऊन धावपटू झाला आणि २०२२ साली बर्मिंगहॅम येथे ३,००० मीटर अडथळा शर्यतीत राष्ट्रकुल रौप्यपदकाचा मानकरी ठरला. त्याच्या शर्यतीला ना मक्तेदार ना प्रक्षेपणाचा लिलाव.

मार्च २०१७ मध्ये परिषदेच्या कार्याध्यक्षपदाचा दिलेला राजीनामा मनोहर यांनी सभासदांच्या विनंतीवरून तहकूब ठेवला होता; २०१८ मध्ये त्यांची फेरनिवड झाली व जून २०२० अखेर मुदत संपताच, आणखी एका मुदतीची वाट न पाहता, ते पायउतार झाले. इम्रान ख्वाजा यांच्या हंगामी कारभारानंतर ग्रेग बार्कली त्यांच्या जागी आले. २०२४ ते २०२७ या काळासाठी परिषदेने २०२३ मध्ये जी नवी वाटणी मंजूर केली, तिच्यात एकट्या भारताचा हिस्सा सुमारे साडेअडतीस टक्के आहे.