जाड अक्षरांतली मोकळी जागा

१ मे १९९९ला परभणीतून वेगळ्या झालेल्या हिंगोली जिल्ह्याच्या पाच तालुक्यांची नावे जाड ठशात लिहायला घ्यावीत, देवनागरीची सगळी अडचण तिथेच कळते. ‘वसमत’ला ना काना, ना मात्रा, ना वेलांटी, रेघ कितीही फुगवा, नाव वाचता येते. ‘औंढा’ मात्र अडून बसतो. डोक्यावर दोन मात्रा, त्यांना खेटून अनुस्वार, शेजारी ढची गाठ. रेघ जाडावली की आधी मात्रांमधली फट बुजते, मग टिंब त्यांना चिकटते, शेवटी गाठीचे भोकही भरते. म्हणून जाड अक्षराचा इतिहास हा शाई वाढवण्याचा नसून अक्षराच्या पोटातली आणि माथ्यावरची जागा राखण्याचा आहे, असे मला वाटते.

छापखान्याला ही जागा देणे जड गेले. जावजी दादाजींनी मुंबईत १८६४मध्ये टाइप फाउंड्री आणि १८६९मध्ये निर्णयसागर छापखाना काढला. तिथल्या खिळ्यांचा लौकिक झाला तो संस्कृत ग्रंथांच्या रेखीव मजकुरामुळे. शिशाच्या खिळ्याची उंची ठरलेली. तेवढ्यात वर वेलांटी-रफार आणि खाली उकार बसवायचा, म्हणजे मधले अक्षर लहानच राहणार. ‘कळमनुरी’तल्या ‘नु’ आणि ‘री’ला तिथे जाड व्हायला वाव कुठला? पाटी रंगवणाऱ्या पेंटरवर ही सक्ती नव्हती. उभा दांडा भरदार ठेवून शिरोरेषा बारीक ओढावी, ‘हिंगोली’तले टिंब वेलांटीच्या कमानीबाहेर सरकवावे, हे कुंचल्याला सहज जमते. कमल शेडगे यांनी नाटकांच्या जाहिरातींसाठी शीर्षके हाताने रेखाटली, त्यांनाही हीच मोकळीक होती.

यावर आक्षेप येतो की जाड अक्षर ही रोमन ‘बोल्ड’ची नक्कल आहे. पण तिरप्या कापाच्या बोरूने लिहिलेल्या देवनागरीत जाड-बारीक रेघ मुळातच आहे. शिवाय ही अडचण दाट रेघांच्या कोणत्याही लिपीची. जपानच्या शाकेन कंपनीने १९७५मध्ये फोटोटाइपसेटिंगसाठी ‘गोना’ हा अतिजाड ठसा आणला. अशा ठशांत ज्या कांजी अक्षरात रेघा जास्त, तिथली प्रत्येक रेघ बारीक करावी लागते. म्हणजे पेंटरचाच हिशेब. संगणकावर बोल्डचे बटण असताना हा खटाटोप कशाला, हा दुसरा आक्षेप. ज्या फाँटमध्ये जाड रूप वेगळे काढलेले नसते, तिथे ते बटण अक्षराची कड सरसकट फुगवते. ‘औंढा’ पुन्हा बुजतो. जाड रूप स्वतंत्रपणेच रेखाटावे लागते. मुंबईच्या ‘एक टाइप’ या फाँट काढणाऱ्या संस्थेने ‘बलू’ हा देवनागरी फाँट आधी फक्त अतिजाड रूपातच काढला. त्याची बारीक रूपे नंतर ‘बलू २’मध्ये आली.