विचार नोंदवणारे यंत्र: एका कल्पनेची शंभर वर्षे

माणसाच्या मनातले विचार परस्पर टिपून घ्यावेत आणि हवे तेव्हा पुन्हा अनुभवावेत, असे यंत्र आजवर कोणी बनवलेले नसले तरी त्याच्या कल्पनेला शंभराहून अधिक वर्षांचा इतिहास आहे. आणि त्या त्या काळात नोंदीचे जे साधन नवे होते, त्याच साधनाच्या रूपात मनाची कल्पना केली गेली, हे त्या इतिहासाचे मुख्य सूत्र दिसते.

या यंत्राचे तपशीलवार वर्णन ह्यूगो गर्न्सबॅक यांच्या ‘राल्फ १२४सी ४१+’ या कादंबरीत आढळते. 1911 पासून ‘मॉडर्न इलेक्ट्रिक्स’ या अमेरिकी मासिकात क्रमशः आलेल्या या कादंबरीत 2660 सालचे जग रंगवले आहे. तिच्यातला ‘मेनोग्राफ’ डोक्याला पट्टा बांधून वापरायचा असून, कळ दाबताच मनातला विचार कागदाच्या अरुंद फितीवर शाईच्या नागमोडी रेषेने उमटतो. ‘हिप्नोबायोस्कोप’ हे दुसरे यंत्र अशाच रेषांची फिल्म फिरवून झोपलेल्या माणसाच्या मेंदूत पुस्तकातला मजकूर उतरवते. नोंद आणि पुनःप्रत्यय ही दोन्ही अंगे येथे एकत्र येतात. कल्पना भविष्यातली असली तरी नागमोडी रेषा मात्र जुनीच होती, कारण समुद्राखालच्या तारायंत्राचे संदेश 1867 मध्ये विल्यम थॉमसन यांनी शोधलेल्या सायफन रेकॉर्डरवर नेमके असेच उमटत असत.

अशी रेषा खऱ्या मेंदूतून मिळवली ती जर्मनीतील येना येथील मनोविकारतज्ज्ञ हान्स बर्गर यांनी. तरुणपणी लष्करी सेवेत असताना ते घोड्यावरून पडून तोफेच्या गाड्याखाली जाता जाता वाचले आणि त्याच दिवशी, दूर असलेल्या बहिणीला अनिष्टाची चाहूल लागल्यामुळे, वडिलांनी ख्यालीखुशाली विचारणारी तार केली. विचार एका मनातून दुसऱ्या मनात पोचतो, ही धारणा तेव्हापासून त्यांच्या मनात घर करून राहिली. कवटीत फट असलेल्या रुग्णांवर आणि स्वतःच्या मुलावर प्रयोग करून, 1924 मध्ये प्रथम हाती आलेले मेंदूतील विद्युत्प्रवाहाचे आलेख त्यांनी 1929 मध्ये प्रसिद्ध केले. डोळे मिटून स्वस्थ बसलेल्या माणसाच्या आलेखात सेकंदाला सुमारे दहा लाटा दिसत, ज्यांना पुढे अल्फा लहरी हे नाव रूढ झाले. पण त्याच माणसाने डोळे उघडले किंवा मनातल्या मनात हिशेब सुरू केला की त्या लाटा दबत. विचार टिपण्याच्या आशेने उभारलेल्या उपकरणावरची सर्वांत ठळक रेषा अशा रीतीने विचार सुरू होताच पुसट होई, आणि बर्गर यांच्या वाट्याला आलेले हे फळ त्यांच्या मूळ शोधाच्या जवळजवळ उलटे होते. सहकाऱ्यांनी त्यांची फारशी दखल घेतली नाही. 1934 मध्ये केंब्रिजच्या एड्रियन आणि मॅथ्यूज यांनी पडताळणी केल्यावरच या आलेखांना मान्यता मिळाली.

ध्वनिमुद्रणाची फीत प्रचारात आल्यावर हीच कल्पना शस्त्रक्रियागृहात शिरली. मॉन्ट्रियलचे शल्यविशारद वाइल्डर पेनफिल्ड अपस्माराच्या रुग्णांना जागे ठेवून त्यांच्या उघड्या मेंदूवर विजेचा सौम्य स्पर्श करत आणि ज्या ज्या जागी प्रतिसाद मिळे तेथे क्रमांकाची बारीक चिठ्ठी ठेवत. कानशिलामागच्या भागाला स्पर्श होताच एका रुग्णेला वाद्यवृंद इतका स्पष्ट ऐकू आला की खोलीत कोणीतरी ग्रामोफोन लावला आहे अशी तिची खात्री झाली. जागेपणी अनुभवलेले सारे मेंदूत फितीसारखे मुद्रित होते, असा निष्कर्ष पेनफिल्ड यांनी काढला; मात्र त्यांच्याच 1963 च्या अहवालानुसार या भागात स्पर्श केलेल्या 520 रुग्णांपैकी फक्त 40 जणांना असे अनुभव आले. स्मृती ही दर वेळी नव्याने रचली जाते, असे पुढच्या मानसशास्त्राने दाखवले. तरी फितीची उपमा टिकली आणि ‘ब्रेनस्टॉर्म’ (1983) या चित्रपटात तर मृत्यूचा अनुभवही फितीवर उतरवला गेला.

प्रयोगशाळा मात्र सावध झाल्या आहेत. टेक्सास विद्यापीठाच्या 2023 मधील संगणकीय प्रयोगात मेंदूतील रक्तप्रवाहाच्या प्रतिमांवरून ऐकलेल्या गोष्टीचा आशय जुळवता आला, पण त्यासाठी प्रत्येकाला सुमारे 16 तास यंत्रात पडून गोष्टी ऐकाव्या लागल्या, आणि त्याचे सहकार्य नसल्यास काहीच हाती लागत नाही.

ही सावधगिरी महाराष्ट्रातील एका न्यायालयात दिसली नाही. 2008 मध्ये पुण्याच्या सत्र न्यायालयाने एका खून खटल्यात दोषसिद्धीसाठी इतर पुराव्यांबरोबर मेंदूच्या विद्युत्लहरींच्या चाचणीचाही आधार घेतला. या चाचणीत आरोपी डोक्याला इलेक्ट्रोड लावून गप्प बसते, तिच्यासमोर गुन्ह्याचे तपशील प्रथमपुरुषी वाक्यांत वाचले जातात, आणि कृत्य प्रत्यक्ष केल्याची आठवण लहरींत ओळखू येते असा दावा असतो, जो मुळात पेनफिल्ड यांच्या फितीचाच अवतार होय. 5 मे 2010 रोजी सर्वोच्च न्यायालयाने सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य या खटल्यात निर्णय दिला की अशी चाचणी संमतीविना करणे घटनेच्या अनुच्छेद 20(3) चा, म्हणजे स्वतःविरुद्ध साक्ष देण्याची सक्ती न होण्याच्या हक्काचा, भंग आहे, आणि संमतीने केली तरी तिचा निष्कर्ष स्वतःहून पुरावा ठरत नाही.